प्रकाशाची साक्ष : छायालेखक गोविंद निहलानी

बदलापूरपासून जवळच, मुरबाडच्या बाजूला पसरलेल्या डोंगररांगांमध्ये, बारवी नदी अडवून उभारलेले धरण आहे. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाने १९७२ मध्ये बांधलेल्या या धरणाचे पाणी अंबरनाथ, बदलापूर आणि उल्हासनगर परिसरातील कारखान्यांना व वस्त्यांना मिळते. पुढे धरणाची उंची वाढविण्यात आली, तेव्हा पाणलोटातील गावकऱ्यांना आपली घरे सोडावी लागली. एका बाजूस जमीन सोडून उठलेली गावे आणि दुसऱ्या बाजूस त्याच पाण्यावर जगणारे उल्हासनगर! हे शहरही मूळ घर सोडून आलेल्यांचेच आहे. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या सुमारे एक लाख निर्वासितांना कल्याणजवळच्या लष्करी छावणीत आसरा देण्यात आला. ८ ऑगस्ट १९४९ रोजी या वसाहतीस ‘उल्हासनगर’ हे नाव मिळाले. येथील पत्त्यांत ‘कॅम्प’, ‘सेक्शन’ आणि ‘बराक क्रमांक’ हे शब्द आजही आढळतात, ते त्या काळाची आठवण म्हणूनच.

याच स्थलांतराच्या लाटेत कराचीतील एक कुटुंब राजस्थानातील उदयपूर येथे येऊन स्थायिक झाले. त्या कुटुंबातील, १९४० मध्ये जन्मलेला मुलगा तेव्हा जेमतेम सात वर्षांचा होता. चार दशकांनंतर याच मुलाने फाळणीचे दुःख दूरदर्शनच्या पडद्यावर आणले आणि ते घरोघरी पाहिले गेले. गोविंद निहलानी हे त्याचे नाव. दिग्दर्शक म्हणून ते सर्वांना परिचित आहेत. परंतु त्यांच्या कार्याचा पाया घातला गेला तो कॅमेऱ्यामागे. मराठी नाटकावरील चित्रपट, खेड्यातील कथा, इतिहासपट, हवाई दलाची विमाने, महानगरातील पोलीस ठाणे आणि अखेरीस दूरदर्शनचा छोटा पडदा अशा भिन्न क्षेत्रांत वावरलेल्या या छायालेखकाची वाटचाल समजून घेणे उद्बोधक ठरेल.

छायालेखक काय करतो?

चित्रपट पाहताना प्रेक्षकाचे लक्ष कथेकडे आणि नटांकडे असते. ज्याच्यामुळे हे सारे दिसते, त्याचे नाव श्रेयनामावलीत क्षणभर येते आणि विसरले जाते. बोलीभाषेत ज्याला आपण कॅमेरामन म्हणतो, त्या छायालेखकाचे काम कॅमेरा चालविण्यापुरते नसते. प्रसंग कोणत्या उजेडात घडतो, प्रकाश कोणत्या दिशेने येतो, चेहऱ्याचा कोणता भाग उजळतो आणि कोणता सावलीत राहतो, कोणते भिंग वापरावयाचे, कॅमेरा पात्रापासून किती अंतरावर असावा, या सर्व गोष्टी दिग्दर्शकाशी विचारविनिमय करून त्याला ठरवाव्या लागतात.

पडद्यावर पाच मिनिटांत संपणारा प्रसंग चित्रित होण्यास कित्येकदा दोन-तीन दिवस लागतात. या काळात सूर्य सरकत असतो, ढग येत-जात असतात. तरीही सारा प्रसंग एकाच वेळी घडला असे प्रेक्षकास वाटले पाहिजे. खिडकीतून ऊन येत असेल आणि पात्र खोलीत सावलीत उभे असेल, तर एकाच चौकटीतील या दोन उजेडांचा मेळ घालावा लागतो. डोळा हे काम आपसूक करतो, फिल्मला ते जमत नाही. खिडकी स्पष्ट दिसावी म्हणून भिंगाचे छिद्र लहान केले, तर चेहरा काळा पडतो. चेहरा उजळावा म्हणून ते मोठे केले, तर खिडकी पांढरीफटक होते. अशा वेळी किती उजेड वाढवावा आणि किती अंधार तसाच राहू द्यावा, या निर्णयात छायालेखकाचे कौशल्य असते. त्याची प्रामाणिकताही तेथेच कसाला लागते. गरिबाच्या झोपडीत राजवाड्याचा उजेड पाडणे अवघड नाही. परंतु तसे केल्याने झोपडी खोटी ठरते.

बंगळूर ते मुंबई

निहलानी यांनी बंगळूर येथील श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निक या संस्थेत छायालेखनाचे शिक्षण घेतले आणि १९६२ मध्ये ते तेथून उत्तीर्ण झाले. पुण्यातील चित्रपट संस्था १९६० मध्ये स्थापन झाली असली, तरी त्याआधीपासून या विषयाचे पद्धतशीर शिक्षण देणाऱ्या मोजक्या ठिकाणांत बंगळूरच्या या संस्थेची गणना होत असे. याच संस्थेतून बाहेर पडलेले ज्येष्ठ छायालेखक व्ही. के. मूर्ती तेव्हा मुंबईत कीर्तीच्या शिखरावर होते. निहलानी त्यांचे साहाय्यक झाले.

गुरुदत्त यांच्या ‘प्यासा’ (१९५७) आणि ‘कागज के फूल’ (१९५९) या चित्रपटांचे छायालेखन मूर्ती यांनी केले. ‘कागज के फूल’ हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट होय. त्यातील ओसाड स्टुडिओत वरून उतरणारा प्रकाशाचा झोत रसिकांच्या आजही स्मरणात आहे. हा झोत मोठ्या आरशांच्या साहाय्याने बाहेरील ऊन आत वळवून मिळविला होता. पुढे २००८ या वर्षाचा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्ती यांना देण्यात आला. हा सन्मान मिळविणारे ते पहिलेच छायालेखक ठरले. अशा गुरूच्या हाताखाली काम करताना कृष्णधवल प्रकाशयोजनेचे संस्कार निहलानी यांच्यावर झाले. मात्र गुरूची शैली जशीच्या तशी उचलण्याचा मोह त्यांनी टाळला. मूर्ती यांचा प्रकाश काव्यात्म होता. शिष्याच्या वाट्याला जे विषय आले, त्यांना निराळ्या उजेडाची गरज होती.

मराठी नाटकाच्या वाटेने

निहलानी यांचे स्वतंत्र छायालेखक म्हणून नाव झाले ते एका मराठी चित्रपटामुळे. विजय तेंडुलकर यांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या गाजलेल्या नाटकावर सत्यदेव दुबे यांनी १९७१ मध्ये त्याच नावाचा चित्रपट काढला. सुलभा देशपांडे यांनी त्यात लीला बेणारे ही भूमिका केली. एका खेड्यातील सभागृहात नाटकमंडळींनी चालविलेला लुटुपुटीचा खटला हळूहळू खऱ्या छळाचे रूप घेतो, असे हे कथानक आहे.

रंगभूमीवर प्रेक्षक आपल्या खुर्चीतून सर्व पात्रांना एकाच अंतरावरून पाहतो. चित्रपटात कॅमेरा त्यास बेणारेच्या चेहऱ्यापर्यंत नेऊ शकतो आणि तिच्याभोवती जमलेल्यांच्या नजराही दाखवू शकतो. एकाच जागेत घडणाऱ्या कथेत वेगवेगळ्या दृश्यांचा आधार मिळत नाही. सारा भार चेहऱ्यांवर, अंतरावर आणि सावल्यांवर पडतो. मर्यादित जागेत आणि मर्यादित साधनांत काम करण्याचा हा अनुभव निहलानी यांना पुढे आयुष्यभर उपयोगी पडला. तेंडुलकरांशी त्यांचा स्नेहही येथूनच दृढ झाला.

बेनेगल यांच्यासमवेत

यानंतरचा कालखंड हा दिग्दर्शक श्याम बेनेगल यांच्या सहकार्याचा होता. ‘अंकुर’ (१९७४), ‘निशांत’ (१९७५), ‘मंथन’ (१९७६), ‘भूमिका’ (१९७७), ‘जुनून’ (१९७९) आणि ‘कलयुग’ (१९८१) या चित्रपटांचे छायालेखन निहलानी यांनी केले. चिं. त्र्यं. खानोलकर यांच्या कादंबरीवरून घेतलेल्या ‘कोंडुरा’चे छायालेखनही त्यांचेच. यांतील प्रत्येक चित्रपटाची गरज वेगळी होती.

‘अंकुर’ तेलंगणातील एका खेड्यात घडतो. स्टुडिओत उभारलेल्या खेड्याची जागा येथे खऱ्या घरांनी, खऱ्या शेतांनी आणि खऱ्या उन्हाने घेतली. ‘मंथन’ हा गुजरातमधील दूध उत्पादकांच्या सहकारी चळवळीवरील चित्रपट. पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन त्यास भांडवल पुरविले. ज्यांची ही कथा होती त्यांनीच तिच्यासाठी पैसा उभा करावा, ही घटना चित्रपटाच्या इतिहासात दुर्मीळ म्हटली पाहिजे. धूळ, कोरडा माळ आणि पहाटेची दूध संकलन केंद्रे यांचे चित्रण करताना सौंदर्याचा हव्यास बाजूला ठेवणे येथे आवश्यक होते.

‘भूमिका’ची गोष्ट याहून निराळी. अभिनेत्री हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावर आधारलेल्या या चित्रपटात नायिकेच्या आयुष्यातील अनेक दशके येतात. त्यातील काही भाग कृष्णधवल, तर काही रंगीत आहे. कालखंड बदलला हे सांगण्यासाठी पडद्यावर अक्षरे दाखविण्याऐवजी चित्राचा पोतच बदलण्याची ही युक्ती होती. १८५७ च्या उठावाच्या पार्श्वभूमीवरील ‘जुनून’मध्ये हवेल्या, घोडदळ आणि युद्धप्रसंग आले. या चित्रपटासाठी निहलानी यांना उत्कृष्ट रंगीत छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार प्राप्त झाला. रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’ (१९८२) या चित्रपटाच्या दुसऱ्या चित्रीकरण पथकाची जबाबदारीही त्यांच्याकडे होती.

मूक नायकाचा चेहरा

१९८० मध्ये ‘आक्रोश’ प्रदर्शित झाला आणि छायालेखक निहलानी दिग्दर्शक झाले. कॅमेरा मात्र त्यांनी स्वतःकडेच ठेवला. पटकथा तेंडुलकरांची होती. पत्नीच्या खुनाचा आळ आलेला लहान्या भिकू हा आदिवासी आपल्या वकिलाशीही एक शब्द बोलत नाही. जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर नायक मुका राहिल्यास कथा पुढे न्यायची कशी? ओम पुरी यांच्या चेहऱ्यावर आणि डोळ्यांवर प्रकाश कसा पडतो, यावरच प्रेक्षकाला त्याचे मन वाचावे लागते. शब्द नसलेल्या माणसाची बाजू येथे कॅमेऱ्याने मांडली. या चित्रपटास भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात सुवर्णमयूर पुरस्कार मिळाला.

दोनच वर्षांनी आलेला ‘विजेता’ हा हवाई दलातील तरुण वैमानिकाचा चित्रपट. हवाई दलाच्या सहकार्याने आकाशात केलेले चित्रण हे त्याचे वैशिष्ट्य होते. तुरुंगाच्या कोठडीतून निघालेला कॅमेरा थेट लढाऊ विमानांच्या सोबतीने उडू लागला! लगेच १९८३ मध्ये ‘अर्धसत्य’ आला. श्री. दा. पानवलकर यांच्या ‘सूर्य’ या मराठी कथेवरील या चित्रपटात मुंबईतील पोलीस उपनिरीक्षक अनंत वेलणकर याची घुसमट दिसते. अरुंद खोल्या, नळीच्या दिव्यांचा फिकट उजेड आणि रात्रीचे रस्ते हे त्यातील दृश्यविश्व आहे. या भूमिकेने ओम पुरी यांना उत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला. महेश एलकुंचवार यांच्या नाटकावरील ‘पार्टी’ (१९८४) हा चित्रपट एका संध्याकाळी, एका घरात घडतो. पानवलकर, तेंडुलकर आणि एलकुंचवार यांचे मराठी साहित्य निहलानी यांच्या कॅमेऱ्यातून असे देशभर पोहोचले.

भिवंडीची ठिणगी

‘तमस’ या दूरदर्शन मालिकेचे मूळ ठाणे जिल्ह्यात आहे, हे अनेकांना ठाऊक नसेल. १९७० मध्ये भिवंडी येथे दंगल उसळली. त्यानंतर लेखक भीष्म साहनी आपले बंधू, अभिनेते बलराज साहनी यांच्यासमवेत तेथे गेले होते. जळालेली घरे आणि सुन्न पडलेले रस्ते पाहताना त्यांना १९४७ मधील रावळपिंडी आठवले. या अनुभवातून ‘तमस’ ही हिंदी कादंबरी लिहिली गेली आणि १९७५ मध्ये तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला. भिवंडी आणि उल्हासनगर ही दोन्ही गावे कल्याणपासून हाकेच्या अंतरावर आहेत. एकात फाळणीने उखडलेली माणसे नव्याने घर थाटत होती, तर दुसऱ्यात फाळणीच्या वेळचे विष पुन्हा वर आले होते.

निहलानी यांनी या कादंबरीवर दूरदर्शनसाठी चित्रपट करण्याचे ठरविले. छायालेखनात त्यांच्यासमवेत होते त्यांचे गुरू व्ही. के. मूर्ती. स्वतः भीष्म साहनी यांनी हरनामसिंग या वृद्ध शिखाची भूमिका केली.

दूरचित्रवाणीसाठी चित्रण करणे हे चित्रपटापेक्षा काही बाबतींत वेगळे होते. त्या काळातील संचाचा पडदा लहान आणि जवळजवळ चौकोनी असे. चित्रपटगृहातील अंधार घरात नसतो. खोलीतील दिवा चालू असतो, माणसे ये-जा करीत असतात. शिवाय, फिल्मवर उजेड आणि अंधार यांच्या जितक्या छटा उमटतात, तितक्या त्या काळच्या संचावर दिसत नसत. सावलीतील बारकावे तेथे काळ्या डागात बुडून जात. त्यामुळे दूरदर्शनसाठी काम करणारे अनेकजण सर्वत्र सारखा, भरपूर उजेड टाकून मोकळे होत. ‘तमस’ या शब्दाचा अर्थच अंधार! तो अंधार काढून टाकला असता, तर विषयच हरवला असता. नथ्थू हा गरीब चर्मकार एका कोंदट खोलीत, मंद दिव्याच्या उजेडात डुक्कर मारण्याची धडपड करतो, या प्रसंगाने मालिकेस आरंभ होतो. आपल्या हातून काय घडविले जात आहे, याची त्यास कल्पना नाही. त्या अपुऱ्या उजेडात प्रेक्षकही त्याच्यासारखाच चाचपडत राहतो. पडदा लहान असल्याने चेहऱ्यांजवळ जाणे भाग होते, आणि हेच बंधन येथे बळ ठरले.

न्यायालयापुढे

जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवरून ‘तमस’चे भाग दाखविण्यास प्रारंभ झाला आणि वादास तोंड फुटले. मालिकेमुळे जातीय तेढ वाढेल, असा आक्षेप घेऊन मुंबई उच्च न्यायालयात अर्ज करण्यात आला. एका न्यायाधीशांनी प्रक्षेपणास तात्पुरती स्थगिती दिली. त्यावर न्या. लेंटिन व न्या. सुजाता मनोहर यांच्या खंडपीठाने स्वतः मालिका पाहिली आणि स्थगिती उठविली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. फेब्रुवारी १९८८ मध्ये न्या. सब्यसाची मुखर्जी व न्या. एस. रंगनाथन यांनी उच्च न्यायालयाचा निर्णय कायम केला. एखाद्या कलाकृतीचा परिणाम जोखताना दुबळ्या व चंचल मनाचा माणूस प्रमाण मानू नये. विवेकी व खंबीर माणसाच्या दृष्टीने तिचा विचार करावा, अशी कसोटी या निकालात लावण्यात आली. भूतकाळातील चुका लपविण्यापेक्षा त्या समजून घेणे समाजाच्या हिताचे असते, ही भूमिका त्यामागे होती.

या वादात एक प्रश्न दडलेला होता. रक्तपात दाखवावा की नाही, यापेक्षा तो कसा दाखवावा, हा तो प्रश्न. हिंसेचे चित्रण चटकदार करणे सोपे असते. आग, आरोळ्या आणि शस्त्रे यांची रेलचेल केली की प्रेक्षक खिळून राहतो. मात्र त्याच्या मनात सूडाची ठिणगीही पडू शकते. ‘तमस’चा कॅमेरा मारणाऱ्या हातापेक्षा पळणाऱ्या, लपणाऱ्या आणि आसरा मागणाऱ्या माणसांकडे अधिक वेळ पाहतो. न्यायाधीशांनी मालिका पाहिल्यानंतर तिच्या बाजूने कौल दिला, यात कॅमेऱ्याच्या या संयमाचा वाटा असला पाहिजे. ‘तमस’ला राष्ट्रीय एकात्मतेसाठीचा नर्गिस दत्त पुरस्कार मिळाला. संगीतासाठी वनराज भाटिया आणि साहाय्यक अभिनेत्री म्हणून सुरेखा सिक्री यांनाही राष्ट्रीय पुरस्कार देण्यात आले.

पुढील काळात निहलानी यांनी ‘जझीरे’, ‘पिता’ आणि ‘रुक्मावती की हवेली’ या कृतींतून इब्सेन, स्ट्रिंडबर्ग व लोर्का यांची नाटके दूरचित्रवाणीच्या माध्यमात आणली. २००२ मध्ये त्यांना पद्मश्री हा किताब देण्यात आला. २०१७ मध्ये त्यांनी ‘ती आणि इतर’ हा मराठी चित्रपट दिग्दर्शित केला. ज्या भाषेतील चित्रपटापासून छायालेखक म्हणून वाट सुरू झाली, त्या भाषेत दिग्दर्शक म्हणून येण्यास त्यांना साडेचार दशके लागली.

वारसा आणि जतन

प्रकाशाने लिहिलेले हे लेखन टिकविणे सोपे नसते. फिल्मचे रंग काळानुसार फिके पडतात, दमट हवेत तिच्यावर बुरशी चढते, आणि मूळ प्रत नष्ट झाल्यास छायालेखकाचे काम कायमचे पुसले जाते. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन करण्यात आले, ते याच कारणासाठी. ‘मंथन’चा अलीकडील अनुभव या दृष्टीने बोलका आहे. फिल्म हेरिटेज फाउंडेशनने या चित्रपटाचे पुनरुज्जीवन केले, तेव्हा त्या कामात दिग्दर्शक बेनेगल यांच्याप्रमाणेच छायालेखक निहलानी यांचेही सहकार्य घेण्यात आले. मूळ रंग कसे होते, सावली किती गडद होती, हे सांगू शकणारा माणूस हयात असणे ही मोठीच गोष्ट होती. मे २०२४ मध्ये ही नवी प्रत फ्रान्समधील कान महोत्सवात दाखविण्यात आली. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये बेनेगल यांचे निधन झाले.

आज हातातील दूरध्वनीवरही उत्तम चित्रण करता येते. अंबरनाथ-बदलापूरच्या गल्लीतील मुलगा बारवीच्या जलाशयावरील पावसाळी ढग टिपू शकतो आणि क्षणार्धात ते जगास दाखवू शकतो. साधन स्वस्त झाले, हे चांगलेच झाले. कशावर आणि किती उजेड टाकावयाचा, हा प्रश्न मात्र साधनाने सुटत नाही. त्यासाठी विषयाचा अभ्यास लागतो आणि समोरच्या माणसाविषयी आदर लागतो. निहलानी यांच्या वैविध्याचे मर्म येथेच सापडते. त्यांनी स्वतःची एकच ठरीव शैली सर्व विषयांवर लादली नाही. प्रत्येक विषयास साजेसा प्रकाश शोधला.

सिंधहून आलेली पहिली पिढी आता थकली आहे, विरळ होत आहे. बारवीच्या पाणलोटातून उठलेल्या गावांच्या आठवणी सांगणारेही कायमचे राहणार नाहीत. पाणी चढले की जुनी पायवाट दिसेनाशी होते. ती कोठे होती, हे कोणीतरी वेळीच टिपून ठेवावे लागते. घर सोडून आलेल्या एका मुलाने आपल्या लोकांसाठी हे काम केले. या परिसरातील माणसांची साक्ष टिपण्याचे काम येथील तरुणांची वाट पाहत आहे.